मजुरीच्या रकान्यात शून्य

यावेला,
११ फेब्रुवारी २००९

झेना पोरी,

हे पत्र तुझ्या बापाच्या नकळत लिहितेय. पाव भट्टीत आहेत, तेवढ्यात उरकायचंय. फोन केला असता, पण बूथवरची फिदेन्सिया आपलं बोलणं ऐकते आणि संध्याकाळपर्यंत साऱ्या गावाला दोनदा सांगते, दुसऱ्यांदा मीठमसाला लावून.

तर ऐक. तुझ्या बापाला, लेओला, राजधानीहून नोटीस आली आहे. तू म्हणशील कधी? नाताळानंतर लगेच. त्याने ती संताच्या तसबिरीमागे खोचून ठेवली होती. मी धूळ पुसायला गेले आणि हातात आली. दोन वर्षांपूर्वी तो गावाचा खजिनदार होता तेव्हा झऱ्याच्या पाण्याची पाइपलाइन झाली, आठवतं ना? सरकारच्या हिशेब तपासणीस कार्यालयाचं म्हणणं आहे की त्यातले चार लाख सत्तर हजार पेसो लेओनं स्वतःच्या खिशातून परत करावेत. कागदावर शब्द आहे 'गैरव्यवहार'. आपली बैलजोडी आणि कॉफीची पुढच्या दहा वर्षांची सुगी विकली तरी निम्मे व्हायचे नाहीत. जमीन तर गावाची, ती विकता येतच नाही.

गुन्हा काय? सरकारी आराखड्यात खोदाईच्या मजुरीला पैसे धरले होते. आपल्याकडे असल्या कामाला मजुरी कोण घेतं? घरटी एक माणूस कुदळ घेऊन गेला, नेहमीसारखा गावकामाचा तेकियो झाला. लेओनं हिशेबात मजुरीच्या रकान्यात शून्य लिहिलं, पुढे लिहिलं 'तेकियो', आणि वाचलेल्या पैशात गावसभेच्या ठरावाने आणखी पाइप आणून पाणी वरच्या आळीपर्यंत नेलं. आराखड्यात पाणी शाळेपाशीच थांबत होतं. झालं. मजुरी दिली नाही हा एक गुन्हा, पाणी पुढे नेलं हा दुसरा.

लेओ जिल्ह्याला जाऊन आला. तिथला साहेब म्हणे, "अहो डॉन लेओबार्दो, मजुरांच्या अंगठ्यांचा एक कागद आणा, पाइपवाल्याची दोन बिलं आणा, विषय संपला. सगळे तेच करतात." हा म्हणाला, "मजूर नव्हतेच तर अंगठे कुणाचे आणू?" आणि परत आला. तेव्हापासून बोलत नाही. मला दम भरलाय, "झेनाला कळवायचं नाही, तिची नोकरी नवी आहे."

नोकरी नवी असेल, बाप जुना आहे. आपल्या घरात पहिली शिकलेली तू. वकील झालीस ना? मग मला सांग, खरं लिहिणाऱ्याला चोर म्हणायचं, हे कुठल्या पुस्तकात आहे?

तुझी आत्या,
ओब्दुलिया

*

वाहाका शहर,
२० फेब्रुवारी

प्रिय आत्या,

तुझं पत्र मी ऑफिसच्या जिन्यात बसून वाचलं. आधी बाबांचा राग आला. मग त्या साहेबाचा. मग वाटलं, रागावून वेळ घालवायला वेळच नाही. अशा वसुलीच्या हुकमाला प्रशासकीय न्यायालयात आव्हान देता येतं, पण मुदत असते, आणि ती संपत आली आहे. तसबिरीमागची नोटीस काढ आणि व्हॅनवाल्या सामुएलच्या हाती लगेच पाठव. बाबा ओरडले तर माझं नाव सांग.

आमचे वरिष्ठ, डॉन एरास्तो, यांना विचारलं. ते हसले. म्हणाले, "पोरी, तुझ्या वडिलांनी खोटी बिलं लावली असती तर ही फाइल कधीच बंद झाली असती. मी अशी गावं पाहिली आहेत, जिथे कागद चोख आहेत आणि जमिनीत पाइपच नाही." मला हसू आलं नाही.

पण मला एक मार्ग सुचलाय आणि मी तो सोडणार नाही. सोबत छापील कागद पाठवतेय, घरटी एक. प्रत्येकाने आपण किती दिवस खोदलं ते लिहायचं आणि सही करायची. दिवसाची मजुरी मी बाजारभावाने धरली आहे. अंदाजाने बेरीज केली आत्या, तर गावाने दिलेलं काम सरकारच्या पैशापेक्षा जास्त भरतं! म्हणजे देणं लागतं ते सरकार. न्यायाधीशापुढे हे मांडलं की सरकारला उत्तरच उरणार नाही.

बाबांना सांग, घाबरू नका. मी आहे.

तुझी,
झेनायदा

*

यावेला,
८ मार्च

झेनायदा,

आत्याने तुला कळवलं. ठीक आहे. नोटीस पाठवतोय.

तुझे कागदही परत पाठवतोय. एकावरही सही नाही.

मी ते गावसभेत वाचून दाखवले. मग बँडमधला ट्यूबावाला फिलोगोनियो उठला. म्हणाला, "माझ्या दिवसाचे शंभर पेसो लावलेत? छान. मग पलीकडच्या गावात मयताला वाजवायला गेलो होतो, त्याचेही लावा. माझ्या लेकीच्या लग्नात बायांनी रात्रभर तामाल वळले, त्यांचे मी देणं लागतो, तेही लावा. एकदा सुरुवात केलीत तर थांबू नका." कुणी हसलं नाही.

तू वाईट हेतूने केलं नाहीस, हे मला ठाऊक आहे, त्यांनाही ठाऊक आहे. पण ज्याने पैसे घेतले तो मजूर आणि ज्याने तेकियो केला तो गावकरी. हे दोन्ही एका सहीत बसत नाही. आज शंभर लिहून दिले तर उद्या सरकार म्हणेल, हे घ्या शंभर, आणि गाव आमचं.

सभा म्हणाली, वर्गणी काढून भरू. मी नको म्हटलं. गावाने भरले म्हणजे गावाने खाल्ले असं होईल.

तुला लढायचं असेल तर जे झालं तेवढ्यावरच लढ. नाही जमलं तर मी भरीन. मरेपर्यंत भरीन. तुला दोष देणार नाही.

तिकडे सकाळी गारठा असेल. आत्याने पाव दिलेत. सामुएलकडून मोजून घे, वाटेत खातो.

तुझा बाप,
लेओबार्दो

*

वाहाका शहर,
२९ मार्च

प्रिय बाबा, प्रिय आत्या,

पाव पोचले. सामुएलने दोनच खाल्ले होते.

बाबा, तुमचं पत्र वाचून मी तुमच्याशी दोन दिवस मनातल्या मनात भांडले. इतकी वर्षं शिकले ती हे ऐकायला का, असंही वाटलं. मग शनिवारी ग्रंथालयात बसले आणि अर्ज पहिल्या ओळीपासून पुन्हा लिहायला घेतला. या वेळी त्यात कुणाच्याही घामाला भाव लावलेला नाही. मी असं म्हटलंय की तेकियो ही न दिलेली मजुरी नव्हे. ती वेगळीच गोष्ट आहे, आणि बाबांनी तिचं खरं नाव हिशेबात लिहिलं. लिहून झाल्यावर मला कळलं की पहिल्या अर्जात मी सरकारचीच भाषा बोलत होते, फक्त आकडा मोठा करून.

मुदतीच्या शेवटच्या दिवशी अर्ज दाखल झाला. निकाल लागेपर्यंत वसुली थांबवली आहे. म्हणजे बैल कुठे जात नाहीत.

सुनावणी जूनच्या शेवटी आहे. साक्षीला तीनच माणसं आणता येतील. खोदणारं कुणी तरी हवं आणि वरच्या आळीचं कुणी तरी हवं. गावसभेने ठरवावं.

कामाची गर्दी आहे, म्हणून उशीर झाला.

तुमची,
झेनायदा

*

यावेला,
१७ एप्रिल

झेना,

तीन साक्षीदार मागितलेस आणि गावात भांडण लावून दिलंस. सभेत निम्म्या गावाने हात वर केले. फिदेन्सियाने तर दोन्ही. तिला विचारलं, "तू एक दगड तरी उचलला होतास का?" तर म्हणे, "मी खोदणाऱ्यांना पाणी नेऊन दिलं." तिच्या नवऱ्याने मागून सांगितलं, "ती मेस्काल दारू होती, आणि अर्धी वाटेत हिनेच संपवली." शेवटी फिलोगोनियो, वरच्या आळीची एर्मेलिंदा आणि तेव्हाचा गावप्रमुख अशी तीन नावं ठरली. फिलोगोनियो रोज आरशापुढे साक्ष देतोय. त्याची बायको म्हणते, ट्यूबा परवडला.

आता दुसरं. तुझ्या आधीच्या पाकिटावर डॉन एरास्तोच्या ऑफिसचा शिक्का होता. या पाकिटावर नाही. कागदही तो जाड पांढरा नाही, शाळकरी मुलांचा रेघी आहे. 'कामाची गर्दी' म्हणे. मी सहावीपर्यंतच शिकले, पण पाव कच्चा आहे की भाजलाय ते मला वरून बघूनच कळतं.

नोकरी गेली की सोडलीस?

तुझी आत्या

*

वाहाका शहर,
२ मे

आत्या,

तुझ्यापासून काही लपत नाही, मग मी प्रयत्न तरी का करते!

डॉन एरास्तोंच्या ऑफिसला सरकारी कामं मिळतात. मी सरकारविरुद्ध अर्ज लावल्याचं कळल्यावर त्यांनी मला बोलावलं. दार लावलं, कॉफी मागवली, आणि प्रेमाने म्हणाले, "केस किंवा खुर्ची. दोन्ही एकदम चालणार नाहीत." मी कॉफी संपवली आणि टेबलावरची माझी पुस्तकं गोळा केली. ते तसे वाईट नाहीत. जाताना म्हणाले, "साक्षीदारांना शिकवून ठेव, विचारलं तेवढंच बोला म्हणावं."

सकाळी एका झेरॉक्सच्या दुकानात लोकांचे अर्ज टाइप करून देते. दुपारी आपली केस. भाडं निघतं. रात्री भीती वाटते, ते खोटं कशाला सांगू? हरले तर बाबांच्या डोक्यावर आयुष्यभराचं ओझं माझ्या सहीने चढेल. पण त्या दाराबाहेर आले तेव्हा जिन्यात मला फार उंच झाल्यासारखं वाटलं, हेही खरं.

बाबांना सांगू नकोस. आणि फिलोगोनियो मामांना सांग, आरसा प्रश्न विचारत नाही, सरकारी वकील विचारतील.

तुझी,
झेना

*

वाहाका शहर,
२७ जून

प्रिय आत्या,

भट्टी सोडून तू आली नाहीस, म्हणून सगळं लिहितेय. बाबा चार शब्दांत सांगतील आणि फिलोगोनियो मामा चारशे, त्यामुळे दोघांवरही विसंबू नकोस.

सरकारी वकील तरुण आहेत, हुशार आहेत. त्यांनी फिलोगोनियो मामांना उभं केलं.

"दिवसाला किती पैसे मिळाले?"

"कशाचे?"

"कामाचे."

"कुठल्या कामाचे?"

"अहो, खोदायच्या कामाचे!"

"ते काम नव्हतं साहेब, तेकियो होता."

"बरं. तेकियोला नाही गेलात तर काय होतं?"

"दंड होतो."

वकील न्यायाधीशांकडे वळले. "ऐकलंत? फुकट राबवायचं, आणि न आल्यास दंड. देशाची घटना सक्तीच्या मजुरीला बंदी घालते. म्हणजे या खजिनदाराने एक तर मजुरी दिली आणि त्याचा कागद दडवला, किंवा लोकांना वेठीला धरलं. दोन्हीपैकी काय ते त्यांनीच सांगावं."

आत्या, हा प्रश्न मी कितीदा तरी स्वतःला विचारला होता, पण दुसऱ्याच्या तोंडून ऐकताना तो सुरीसारखा लागला.

मामा म्हणाले, "साहेब, तुम्ही कर भरता की नाही? नाही भरला तर दंड होतो की नाही? मग तुम्ही काय सरकारचे गुलाम?" न्यायाधीश बाईंनी त्यांना थांबवलं, "साक्षीदाराने प्रश्न विचारायचे नसतात." पण त्यांनी ते लिहून घेतलं. मी पाहिलं.

मग एर्मेलिंदा. तिला वकिलांनी तोच प्रश्न घातला, सक्ती होती का? ती म्हणाली, "खालच्या आळीच्या नळाला आधीपासून पाणी होतं, बाईसाहेब. त्यांना खोदायची गरज नव्हती. मी लग्न होऊन आले तेव्हापासून घागर घेऊन चढ चढत होते. पोटुशी असतानाही चढले. ते रोज दारात बसून माझ्याकडे बघायचे. त्यांच्यावर सक्ती कुणी केली असेल तर ती माझ्या घागरीने."

सरकारी वकील कागद चाळत राहिले.

गावप्रमुखांनी गावसभेत ठराव झाल्याचं सांगितलं, आणि मग मी उठले. मी म्हटलं, आपल्या राज्याच्या घटनेत तेकियोचं नाव घेऊन त्याला मान दिला आहे. तो जबरदस्ती असेल तर सरकारने आधी स्वतःच्या घटनेवर नोटीस काढावी. आणि तो मानाचा असेल, तर जो शब्द घटनेत लिहिलेला चालतो, तोच माझ्या वडिलांनी हिशेबात लिहिला तर गैरव्यवहार कसा होतो? पैसा कुठे गेला हे कुणाला शोधायचं असेल तर वरच्या आळीत जाऊन नळ सोडावा.

'माझ्या वडिलांनी' असं म्हणायचं नव्हतं. 'अर्जदाराने' म्हणायचं होतं. निसटलं.

पण खरी गोष्ट त्यानंतर घडली. व्हरांड्यात सरकारी वकील आमच्याकडे आले. हळूच म्हणाले, "फक्त निष्काळजीपणा झाला एवढं लिहून द्या. किरकोळ दंड लावून मोकळं करू. वसुली रद्द." आत्या, मला मोह झाला. मी बाबांचा हात धरला आणि म्हटलं, "घ्या बाबा. यातून सुटाल." बाबा माझ्याकडे वळले. म्हणाले, "आत जे बोललीस ते खरं होतं का?"

"खरं होतं."

"मग बाहेर कशाला बदलतेस?"

आणि वकिलांना म्हणाले, "साहेब, मी निष्काळजी असतो तर मजुरांचे अंगठे आणले असते. तुम्ही जेवून घ्या, उशीर झालाय."

निकाल राखून ठेवला आहे. आता वाट बघायची.

तुझी,
झेना

*

वाहाका शहर,
९ ऑक्टोबर

प्रिय आत्या, प्रिय बाबा,

जिंकलो.

निकाल गेल्या महिन्यातच लागला होता. पण सरकारला वर दाद मागायची मुदत होती, आणि ती संपायच्या आत तुम्हाला फटाके वाजवायला लावायची माझी हिंमत झाली नाही. ती काल संपली. त्यांनी दाद मागितली नाही.

वसुलीचा हुकूम पूर्ण रद्द. न्यायाधीश बाईंनी जे लिहिलंय त्याचा साधा अर्थ असा: पैसा गावाला पाणी मिळावं म्हणून दिला होता, पाणी मिळालं, गावसभेचा ठराव हा या गावाचा कायदेशीर निर्णय आहे, आणि खजिनदाराने जे घडलं तेच नोंदवलं, म्हणून त्याला दोषी धरता येत नाही. 'गैरव्यवहार' हा शब्दही काढून टाकायला सांगितलाय. शिक्क्याची प्रत सामुएलबरोबर पाठवतेय. ती गावसभेत वाचा. तसबिरीमागे ठेवू नका.

मी झेरॉक्सच्या दुकानात स्वतःसाठी एक प्रत काढली. मालकिणीने पैसे घेतले नाहीत.

तुमची,
झेनायदा

*

यावेला,
३ नोव्हेंबर

झेना पोरी,

निकाल सभेत वाचला. सेक्रेटरी दर ओळीला अडखळत होता, म्हणून एर्मेलिंदाच्या थोरल्या पोरीने वाचला. टाळ्या कुणी वाजवल्या नाहीत, तुला माहीतच आहे आपलं गाव. फिलोगोनियो घरी गेला, ट्यूबा घेऊन आला, आणि मग बाकीचा बँड आपापली वाद्यं आणायला पळाला. लेओ मागच्या बाकावर बसून होता. संपल्यावर उठला आणि म्हणाला, "चला, उशीर झाला." बास. पण घरी येऊन त्याने तू परत पाठवलेली नोटीस चुलीत घातली आणि जळेपर्यंत तिथून हलला नाही. तुझी नोकरी गेल्याचं मी त्याला सांगितलं. मग म्हणाला, "मला वाटलंच. व्हरांड्यात तिचे बूट फाटलेले दिसले."

आता जे सांगणार आहे त्यावर ओरडू नकोस.

परवा पुढच्या वर्षीच्या कारभाऱ्यांची निवड झाली. प्रमुख झाला, सेक्रेटरी झाला. खजिनदाराचं नाव आलं तेव्हा सगळे आपापल्या चपलांकडे बघायला लागले. कोण घेणार? वर्षभर बिनपगारी, आणि वर पुन्हा नोटीस आली तर? ज्याचं नाव घ्यावं त्याची कंबर दुखायला लागली. तेव्हा तुझा बाप उठला. म्हणाला, "मी नाव सुचवतो. झेनायदा, माझी मुलगी."

कुणीतरी म्हणालं, "बाई खजिनदार कधी झाली नाही." एर्मेलिंदा म्हणाली, "वरच्या आळीला पाणीही कधी नव्हतं."

दुसरं कुणी म्हणालं, "तिला विचारायला नको का?" लेओ म्हणाला, "मला कुणी विचारलं होतं?"

मी त्याच्या कानात म्हटलं, "लेओ, तू ज्या आगीतून आत्ता निघालास तिथे पोरीला ढकलतोस?" तर म्हणतो कसा, "आग कुठे आहे ते तिला आपल्या सगळ्यांपेक्षा जास्त माहीत आहे."

सगळे हात वर झाले. फिदेन्सियाचे दोन्ही.

एक जानेवारीला कारभाराची काठी हातात घ्यायची. तुला रीत ठाऊकच आहे, कारभारी समोरून आला की लहानथोर सगळे हॅट काढतात, सख्खं नातं असलं तरी. लेओ काल अंगणात नव्या हॅटची कड झटकत होता. मी विचारलं, "कुठे निघालास?" म्हणाला, "कुठे नाही. ही सहज निघते की नाही ते बघतोय."

काय ते कळव. पण मी तुझी खाट उन्हात टाकली आहे.

तुझी आत्या,
ओब्दुलिया

*

वाहाका शहर,
१४ नोव्हेंबर

आत्या,

ओरडले. खोलीत एकटीच ओरडले, घरमालकीण दार वाजवून गेली. मला न विचारता! वर्षभर, एक पेसो न घेता! आणि इथे निकाल ऐकून सिएराच्या डोंगरांतल्या दोन गावांचे लोक माझ्या झेरॉक्सच्या दुकानासमोर रांगेत उभे आहेत, त्यांनाही अशाच नोटिसा आल्या आहेत. मी त्यांना सांगितलं, जानेवारीपासून यावेलाला या. गावच्या कचेरीत खजिनदाराच्या टेबलावर भेटेन. त्यांना त्यात काहीच वावगं वाटलं नाही. म्हणाले, "तुमची पाळी आली का? बरं झालं. अभिनंदन."

अभिनंदन, म्हणे! आणि आत्या, मी रस्त्यात उभी राहून रडले. वकिलीची पदवी मिळाली तेव्हाही इतकी रडले नव्हते.

येते मी. सामुएलला सांग, वर्षाच्या शेवटच्या फेरीत माझी जागा ठेव, पुस्तकांच्या दोन पेट्या आहेत.

बाबांना निरोप दे. रीत मोडायची नाही, रोज हॅट काढावी लागेल, मलाही ते ठाऊक आहे. इतर दिवशी मी मान खाली घालून पटकन पुढे निघून जाईन. पण पहिल्या दिवशी, कचेरीच्या पायरीवर, त्यांनी जरा सावकाश काढावी. मला बघायचंय.

तुझी,
झेनायदा